वाळूवर भरलेली नाव

उस्मानाबादेपासून लातूर वेगळे झाले आणि गावोगावच्या पाट्या नव्याने रंगू लागल्या, त्या दिवसांतला उत्साह आज आठवला तरी बसल्या जागी पाठ ताठ होते. आमच्या शाळेच्या दर्शनी भिंतीवरचे जुन्या जिल्ह्याचे नाव खरवडून तिथे ‘जिल्हा लातूर’ अशी निळी अक्षरे उमटली. रंग वाळण्याआधीच मुलांनी बोटे लावून पाहिली. मी त्यांच्यावर रागावलो, मुले पांगली, आणि मग इकडेतिकडे पाहून मीही ‘तू’च्या दीर्घ उकाराला हळूच बोट लावले. अनामिकेवरचा तो निळा ठिपका संध्याकाळच्या आचमनाच्या वेळी दिसला, तेव्हा मला देवापुढेच हसू आले.

आमचे गाव मांजरेच्या काठी. मी तिथल्या माध्यमिक शाळेत संस्कृत शिकवीत असे. माझे स्वतःचे अध्ययन नांदेडला, गोदावरीच्या घाटाजवळच्या पाठशाळेत झाले होते. परंतु नदी म्हटले की डोळ्यांपुढे यायची ती मांजराच. गावाच्या खालच्या अंगाला तिचे दोन फाटे होतात आणि थोडे अंतर जाऊन ते पुन्हा एकमेकांस मिळतात. त्या दोहोंच्या मिठीत एक उंचवटा आहे. त्याला सारे बेट म्हणत. बेटावर महादेवाचे लहानसे दगडी देऊळ, भोवती करंज, चिंच आणि एक विस्तीर्ण वड. वडावर बगळे आणि करकोचे यांची वसती. देवळातली प्रातःपूजा आमच्या घराण्याकडे होती.

त्या बेटाचा एक आचार होता. बेटावर पायी जायचे नाही, नावेतूनच जायचे. नावेत मावतील तेवढीच माणसे एका वेळी बेटावर. ती परतली की मग पुढची. पादत्राणे अलीकडच्या काठावर. तिकडे चूल पेटवायची नाही, मुक्काम करायचा नाही, आणि प्रसाद खाऊन झाल्यावर त्याचे पान हातात धरून परत आणायचे. हा आचार कोणी घालून दिला ते कोणास ठाऊक नव्हते. तो पाळला जात असे, इतकेच.

मग नदी आटल्यावर काय करायचे? याचेही उत्तर जुनेच होते. अवर्षणात अलीकडचा फाटा कोरडा पडला की नावाडी आपली नाव ओढून आणून पात्राच्या मधोमध, वाटेवर आडवी ठेवी. येणाऱ्याने एका काठाने नावेत चढायचे, क्षणभर फळीवर टेकायचे, आणि दुसऱ्या काठाने वाळूत उतरून पुढे जायचे. पाणी नसले म्हणून नियम आटत नसे. परगावचे पाहुणे हे पाहून हसत. हसत हसत चढत आणि हात जोडूनच उतरत.

जिल्हा झाला त्या सुमारास असाच दुष्काळ चालू होता. आधीच्या वर्षी पाऊस रुसला, त्या वर्षी तर त्याने तोंडच दाखवले नाही. गावात टँकर येई. बेटाच्या पलीकडच्या फाट्यात डबकी उरली होती. अलीकडचा फाटा म्हणजे गाळाने भरत आलेली कोरडी वाट. नाव तिथे आडवी पडून होती आणि नावाडी तिच्या सावलीत बसून असे.

हा नावाडी माझा प्राथमिक शाळेतला सोबती. चारचौघांत तो मला ‘गुर्जी’ म्हणे. दोघेच असलो की अरेतुरे चाले. पूजा आटोपून मी परत येऊ लागलो की तो मला नावेत मुद्दाम थांबवून घेई.

“तुझा म्हादेव बरा हाय,” तो एके सकाळी म्हणाला. “त्याला तहान न्हाई, भूक न्हाई. आमचं कसं?”

“तो तुझाही महादेव आहे.”

“हाव, हाय की. पर नैवेद्याचा नारळ तुझ्याच पिशवीत जाऊन राहिलाय!”

मी नारळ काढून त्याच्या हातावर ठेवला. त्याने तो कानाशी हलवून पाहिला आणि तोंड वाकडे केले. “ह्यात बी पाणी न्हाई, बघ.”

आम्ही दोघेही हसलो. पण मग तो गंभीर झाला. त्याचा धाकटा भाऊ बायकामुलांसह आधीच निझामाबादेकडे विटांच्या भट्टीवर गेला होता. आता निरोप आला होता की आणखी माणसे हवी आहेत. “म्या बी चाललो,” तो म्हणाला. “बायको बोचकं बांधून राहिली. नाव इथंच ऱ्हाईल. पानी आलं तर हाकायला दुसरा कुनी बघ.” नाव दुसरा कोणी हाकील ही कल्पनाच मला सहन होईना, त्यालाही होत नव्हती, हे त्याच्या पाठमोऱ्या बसण्यावरून दिसत होते.

त्याच आठवड्यात नव्या जिल्ह्याच्या कचेरीतले एक तरुण अधिकारी जीपमधून गावात आले. त्यांच्याकडे दुष्काळी कामे आणि गावांच्या नव्या योजना, असे दोन्ही होते. त्यांना बेट दाखवायला मी आणि आमच्या शाळेचे भूगोलाचे सर गेलो. सर आमच्याच गावच्या बौद्ध वस्तीतले. औरंगाबादेला शिकून परत आलेले. स्टाफरूममध्ये माझे आणि त्यांचे वाद रोजचे, आणि मधल्या सुट्टीतला चहाही रोजचा.

बेट पाहताच साहेब उचंबळून आले. “गुरुजी, हे आपल्या जिल्ह्याचं रत्न आहे! लोक बेटं बघायला समुद्रावर जातात. आपल्याकडे ते घरच्या नदीत आहे!” त्यांनी तिथेच, नावेच्या फळीवर बसून, हातवारे करीत योजना मांडली. अलीकडच्या फाट्यात मुरमाचा भराव टाकायचा. रोजगार हमीचे काम म्हणून साऱ्या गावाला त्यावर लावायचे. भरावावरून सडक, सडकेवरून थेट देवळापर्यंत एसटी, करंजांच्या सावलीत गाड्यांचा तळ, चहाफराळाची सोय. नव्या जिल्ह्यात सहलीचे पहिले ठिकाण!

खरे सांगतो, ऐकताना माझ्याही अंगावर रोमांच उभे राहिले. ज्या देवाला मी पहाटे एकटाच स्नान घालतो, त्याच्या दारी साऱ्या जिल्ह्याची माणसे येणार! आणि नावाडी तर उठून उभाच राहिला. “साहेब, भरावाचं काम कवापून?” त्याने विचारले. “मला लावाल ना? मंग मी निझामाबादेला जात न्हाई.”

भूगोलाचे सर मात्र भुवया आखडून पात्राकडे पाहत होते. “साहेब, पुराच्या वेळी नदीला इथं दोन वाटा लागतात. एक बुजवली, तर सगळा लोंढा दुसऱ्या वाटेनं जाईल आणि बेटाचा पलीकडचा काठ कातरत नेईल. देऊळ त्याच काठावर आहे.”

“भरावात नळ टाकू.”

“नळात गाळ बसेल.”

साहेब माझ्याकडे वळले. “गुरुजी, तुमचं काय म्हणणं?”

मी नावाड्याकडे पाहिले. त्याच्या डोळ्यांत एवढी आशा होती की ‘भराव नको’ हे शब्द माझ्या ओठांवर येईनात. देऊळ राहावे आणि हाही राहावा, असे दोन्ही मला हवे होते. मी शिक्षकाच्या सवयीचा आडोसा घेतला. म्हणालो, “साहेब, याला संस्कृतात द्वीप म्हणतात. ‘द्वि’ म्हणजे दोन आणि ‘अप्’ म्हणजे पाणी. ‘अप्’मधल्या अकाराचा ईकार होतो. ज्याच्या दोन्ही अंगांनी पाणी गेले आहे, ते द्वीप. एका अंगाचे पाणी आपण बुजवले, तर याला काय म्हणायचे, ते मला शोधावे लागेल.”

“वा! द्वीप!” साहेबांना शब्दच आवडून गेला. “फलकावर हाच घालू. पण आधी मला एक बघायचंय. इथं माणसं खरंच येतात का? येत नसतील, तर वर काय सांगू? येत्या सोमवारी संध्याकाळी इंजिनिअरना घेऊन येतो. भराव टाकायचा की नाही, ते इथंच ठरवू. तुम्ही लोकांना कळवा.”

कळवायचे म्हणजे दवंडी. मी कोतवालाला बोलावले आणि नव्या जिल्ह्याच्या मानाला साजेल असा मजकूर सांगितला: “सोमवारी सायंकाळी लातूरचे साहेब द्वीप पाहण्यास येत आहेत. सर्वांनी यावे.”

“दीप,” कोतवाल म्हणाला.

“द्वीप. द आणि व.”

“तेच म्हनून राहिलो ना गुर्जी. दीप.” आणि हलगी वाजवीत तो गेला. आमच्या गावातून तो वरच्या गावात, तिथल्या कोतवालाकडून ती दवंडी आणखी पुढच्या गावांत, आणि निलंग्याच्या वाटेवरून सरहद्दीपलीकडच्या वाड्यांत कानडीतूनही गेली. तिकडे दिव्याला ‘दीपा’ हाच शब्द रोजच्या बोलण्यातला. त्यांना शंका येण्याचे कारणच नव्हते.

सोमवारी ऊन कलले आणि मी उपरणे सावरीत काठावर आलो, तो पाहतच राहिलो. चारी वाटांनी माणसे येत होती आणि प्रत्येकाच्या हातात दिवा! मातीच्या पणत्या, कणकेचे दिवे, पितळी निरांजने, कंदील. ज्या घरांत फोडणीला तेल नव्हते, त्या घरांतून करडईच्या तेलाची पणती भरून आली होती. सरहद्दीवरच्या बाया डोक्यावर ताटे घेऊन ‘दीपा, दीपा’ म्हणत उतरत होत्या. कुंभाराने टोपलीभर पणत्या आणल्या होत्या. टोपली केव्हाच रिकामी झाली होती. सरांच्या वस्तीतल्या बाया मेणबत्त्या घेऊन एका ओळीत उभ्या होत्या. त्यांतली एक म्हातारी मला म्हणाली, “गुर्जी, आमी देवळात न्हाई जात. पर आपल्या जिल्ह्याचा साहेब दिवे बघाया येऊन राहिला, तर आमच्या वस्तीचा उजेड कमी का पडावा?”

सर हसून हसून बेजार झाले होते. “गुरुजी, तुमचं द्वीप कोतवालाच्या जिभेवर बुडालं. वर आला तो दीप!”

मीही हसलो आणि त्याच वेळी माझे डोळे भरून आले. इतकी माणसे त्या काठावर मी कोणत्याही जत्रेला पाहिली नव्हती.

साहेब इंजिनिअरना घेऊन आले, जीपमधून उतरले आणि दिव्यांच्या रांगा पाहत पुढे आले. मग एकदम माझा हात धरून म्हणाले, “गुरुजी, अहो, हे काय केलंत तुम्ही! चला, आधी बेटावर जाऊ.” आणि ते झपाझप पात्रात उतरले. नावेपाशी पोचले, तो नावाड्याने वल्हे आडवे धरले.

“साहेब, थांबा. नाव भरली.”

साहेबांनी नावेकडे पाहिले. ती वाळूवर रिकामी उभी होती. “कुठं भरली? यात तर कोणीच नाही.”

“नावेतली मानसं तिकडं बेटावर गेली हायती. ती परतस्तवर नाव भरलेलीच.”

“अहो, पण ही वाळूवर आहे!”

“असू द्या. भरली म्हंजे भरली.”

मागून कोणीतरी ओरडले, “आरं, साहेब हाय तो! सोड की!” दुसरा म्हणाला, “बुडंल ना रे नाव! साहेब अंगानं भरलाय!” सारा काठ खळखळून हसला. ज्या कामासाठी नावाड्याने साहेबांपुढे हात जोडले होते, ते काम देणाऱ्या माणसालाच तो अडवून उभा होता. त्याच्या कपाळावर घाम दिसत होता; वल्हे मात्र हलत नव्हते.

साहेबांनी आडव्या वल्ह्याकडे आणि आपल्या पायांकडे पाहिले. मग त्यांनी बूट काढले, ते हातात घेतले आणि काठावर परत आले. कुंभाराने आपली रिकामी टोपली उलटी करून त्यांना बसायला दिली.

आणि मग ते वाट पाहू लागले. करण्यासारखे दुसरे काही तिथे नव्हतेच, म्हणून ते काठ पाहू लागले. एका बाईने फुटाणे आणि गूळ मांडला होता, दुसरीने चुलीवर चहा. निलंग्याकडच्या बाया आणि आमच्या गावच्या बाया एकमेकींच्या लेकीसुनांची स्थळे विचारीत होत्या. कोणी ओवी सुरू केली, तिला पलीकडून कानडीत जोड मिळाली. साहेबांनी चहा घेतला, फुटाणे घेतले, शेजारच्या म्हाताऱ्याकडून महादेवाची कथा ऐकली, आणि त्यात चूक होती म्हणून मीही न राहवून मध्ये बोललो. समोर बेटावर मोजक्या पणत्या झाडांतून संथ सरकत होत्या. अंधारू लागले तसे करकोचे एकेक करून वडावर उतरले. अलीकडे एवढी गर्दी असूनही ते बिचकले नाहीत.

“जत्रेलाही असंच?” साहेबांनी विचारले.

“जत्रेला बी असंच,” नावाडी पात्रातूनच म्हणाला. “नाव एकच, मंग मानसं दुप्पट कशी?”

पुढे फार वर्षांनी वर्तमानपत्रांत बेटांवरच्या पर्यटनाविषयी लेख येऊ लागले. त्यांत ‘वहनक्षमता’ असा शब्द मला आढळला: एखादी जागा न बिघडता किती माणसांना धारण करू शकते, ते. शब्द घडवणाऱ्याचे मला कौतुक वाटले. वहन म्हणजे वाहून नेणे; आमच्याकडे ते नावेनेच ठरत होते.

साहेबांची पाळी आली. ते अनवाणी चढले, फळीवर टेकले, उतरले, दर्शन घेतले, आणि प्रसादाचे पान मुठीत धरून परत आले. ते पान टाकायला जागा शोधताना त्यांचा चेहरा एखाद्या मुलासारखा उजळला होता. “इंजिनिअरसाहेब,” ते म्हणाले, “भराव रद्द! सडक या काठापर्यंतच. गाड्या इथं, चहा इथं, सावली इथं. लोकांनी इथं बसावं, थांबावं, मग नावेतून जावं. गुरुजी, इथलं थांबणंसुद्धा बघायला येतील लोक!”

काठावर आनंदाचा गलका झाला. त्या गलक्यात नावाड्याचे वल्हे खाली वाळूत पडलेले मी पाहिले. तो जवळ आला आणि अगदी हळू आवाजात म्हणाला, “साहेब, म्या नियम धरला म्हनून माझंच काम गेलं का?”

साहेबांनी इंजिनिअरकडे पाहिले. तेव्हा मला आतून जणू कोणी ढकलले. मी म्हणालो, “साहेब, भरायचे नसेल, तर उपसू या! दोन्ही अंगांनी पाणी हवे. अलीकडचा फाटा गाळाने बुजला आहे म्हणून तर तो आधी आटतो.”

“बरोबर!” भूगोलाचे सर जवळजवळ ओरडलेच. “वरच्या तोंडाशी गाळाचा बांध झालाय. तो फोडून फाटा खोल केला, तर झऱ्याचं पाणी लागेल. पावसाळ्यात लोंढा दोन वाटांनी वाटला जाईल. आणि गाळ शेतात टाकता येईल.”

इंजिनिअर पात्रात उतरले, टाचेने वाळू उकरून पाहिली. “जागा तीच, मजूर तेवढेच,” ते म्हणाले. “भरावासाठी ठेवलेलं काम उपशावर लावायला हरकत नाही.”

साहेब नावाड्याकडे वळले. “उद्यापासून?”

“उद्या?” नावाड्याने माझ्याकडे पाहिले, मग साहेबांकडे. “उद्या तर आमी निघून राहिलो होतो!” आणि तो एवढ्या मोठ्याने हसला की वडावरचे करकोचे शेवटी बिचकलेच.

दुसऱ्या दिवशी पूजेला निघालो तर त्याच्या घरापाशी माणसे जमलेली. भूगोलाचे सर हातात दोरी आणि चुना घेऊन उभे होते आणि फाट्याचे तोंड नेमके कुठे, यावर नावाड्याशी त्यांचे कडाक्याचे भांडण चालले होते. नावाड्याच्या बायकोने मला पाहून पदर सावरला.

“गुर्जी, पंचांग बघा की. खनायला मुहूर्त कवाचा?”

पंचांग माझ्या पिशवीत होते. त्या दिवशी भद्रा होती, दुपार ढळेपर्यंत; शुभकार्याचा आरंभ करू नये असा काळ. मी आयुष्यभर हे लोकांना सांगत आलो आहे आणि पुढेही सांगत राहिलो. पण त्या घराच्या ओट्यावर ते बोचके होते, चहूबाजूंनी दोरीने आवळलेले, निझामाबादेच्या वाटेला लागलेले. देवाच्या नदीसाठी देवाकडून वेळ मागून घ्यावी लागत नाही, असे मला वाटले, आणि ते मी आजही खोटे मानत नाही.

“आत्ता,” मी म्हणालो.

“आत्ता? आवं, कुदळ तर आत बांधलीय!” असे म्हणत ती ओट्यावर बसली, दातांनी गाठ सोडवू लागली, आणि एकेक करून घमेले, कुदळ, तवा, पोराचे कपडे, सारे पुन्हा तिच्या अंगणात पसरत गेले.